कोल्हिणीचं हरवलेलं रीळ

"वळू नकोस! अरे गाढवा, मागे वळू नकोस! वळलास की संपलास!"

कुराता-सान ओरडत होते. हातातला कागदी पंखा त्यांनी समोरच्या टेबलावर असा काही आपटला की पहिल्या रांगेतल्या आजीबाईंच्या हातातला गार चहाचा पेला उडाला, हवेत कोलांटी मारून परत त्यांच्याच हातात येऊन उभा राहिला, आणि थेंबभर चहा सांडला नाही. हे मी स्वतः पाहिलेलं आहे; पटत नसेल त्यांनी आजीबाईंना विचारावं. पडद्यावर डोंगरात कोळशाची भट्टी लावणारा एक तरुण बर्फातून घरी निघाला होता. सिनेमा मुका, त्यामुळे हा बिचारा बहिरा. कुराता-सान घसा फोडून सांगत होते तरी तो वळलाच. मागून येणारी त्याची बायको सुंदर होती, हसत होती, आणि बर्फावर पडलेल्या तिच्या सावलीला शेपूट होतं.

जपानातल्या फुनाबोरीत, आमच्या वस्तीच्या सभागृहात ऑगस्टच्या भर दुपारी हे चाललेलं. आत जाड पडदे ओढलेले, एसी म्हातारा, लोकांच्या हातात पंखे. माझ्या एका बाजूला मृणाल, माझी बायको. दुसऱ्या बाजूला इरा, आमची मुलगी, त्या वर्षी सहावीत. आणि माझ्या पोटात एक प्रश्न, जो गेले दोन आठवडे मला ना धड जेवू देत होता, ना धड उपाशी राहू देत होता.

यंदाही ऑगस्ट आलाय. झाडाझाडावर सेमी ओरडायला लागलेत. सेमी म्हणजे आपल्या रातकिड्यांचे दिवसपाळीवाले चुलतभाऊ. फरक एवढाच की आपले किरकिरतात आणि हे करवत चालवतात. ऊन असं, की परवा मी एका कावळ्याला चोचीत छत्री धरून रस्ता ओलांडताना पाहिलं, तेसुद्धा सिग्नल हिरवा झाल्यावर. जपानी कावळा तो. अशा दिवसांत मला बसवत नाही. खुर्ची चावते. पलंगावर आडवं व्हावं तर पलंग म्हणतो ऊठ. तोयोसुतल्या ऑफिसच्या खिडकीतून खाडी दिसते, खाडीत बोटी दिसतात, आणि प्रत्येक बोट वेंगुर्ल्याला चालली आहे असं वाटून मी उगाच उभा राहतो. शेजारच्या टेबलावरची सातो-सान विचारते, "परब-सान, काही हवंय का?" काय सांगू तिला?

मुंबईहून नव्या पोस्टिंगवर आलेली पोरं दर उन्हाळ्यात हटकून विचारतात, "सर, तुम्ही थोड्या वर्षांसाठीच आला होतात ना? मग राहिलात कसे?" मी दर वेळी वेगळं सांगतो. एकाला सांगितलं, भूकंपात जमिनीला भेग पडली, माझा पासपोर्ट तिच्यात गेला आणि भेग मिटली. दुसऱ्याला म्हटलं, मी कचऱ्याचं वर्गीकरण इतकं शिकलोय की आता तिकडे गेलो तर मलाच कुठल्या डब्यात टाकायचं हे कुणाला कळायचं नाही. पोरं हसतात. खरं कारण मात्र त्या सभागृहातल्या दुपारी घडलं, आणि खरं म्हणून सांगितलं तर कुणाला पटत नाही. तेवढं एकच.

झालं होतं असं, की कंपनीनं विचारलं होतं: मुंबईला परत येताय की इथल्या शाखेत कायमचे होताय? ऑगस्टातली ओबोनची, म्हणजे इथल्या पितरांच्या दिवसांची, सुट्टी संपली की उत्तर हवं. मला जायचं होतं. लोकांना वाटायचं, आंब्यासाठी, माशांसाठी, आईवडिलांसाठी. होतंच तेही. पण खरं दुखणं निराळं. मी कुडाळकडचा माणूस. आमच्याकडे गजाली मारतात. गजाल म्हणजे नुसती थाप नव्हे. थापेला दोन माणसं लागतात. एकानं सोडायची आणि दुसऱ्यानं मध्येच अडवून म्हणायचं, "शिरा पडो तुझ्या तोंडार!" तो शिरा पडला की सांगणारा अधिक चेवानं पुढे जातो. ऐकणाऱ्यानं अडवलं नाही तर गजाल हवेत लटकून मरते.

तोयोसुत मी पहिल्याच वर्षी जेवणाच्या सुट्टीत सांगितलं, की आमच्या गावातला एक बैल एकटाच एसटीनं बाजारला जायचा आणि कंडक्टर त्याला अर्धं तिकीट द्यायचा. टेबलावरची सगळी माणसं एकसाथ म्हणाली, "नारुहोदो." म्हणजे, असं आहे होय. कुणी हसलं नाही. पुढच्या आठवड्यात आमचे विभागप्रमुख खास माझ्या टेबलापाशी आले आणि हळू आवाजात म्हणाले, "परब-सान, माझी पत्नी विचारत होती, तो बैल खिडकीपाशी बसायचा का?"

अशा देशात माझ्यासारख्यानं म्हातारं कसं व्हावं?

मृणालचं म्हणणं सरळ होतं. ती इथल्या पाळणाघरात नोकरीला लागली होती, पोरांत रमली होती. पण ती म्हणाली, "इरा खुशीनं तयार असेल तर मी उद्या बॅगा भरते. तिला ओढून न्यायचं नाही. तू तिला विचार आणि नीट विचार. बैल न घालता." म्हणजे सगळं इराच्या एका हो वर येऊन ठेपलं. आणि इराला काहीही विचारलं की एकच उत्तर यायचं: "बेत्सुनि." याचा अर्थ, काही विशेष नाही. जेवलीस का, बेत्सुनि. शाळेत काय झालं, बेत्सुनि.

"इरा, आपण मुंबईला राहायला गेलो तर?"

"बेत्सुनि."

"अगं, म्हणजे हो की नाही?"

तिनं माझ्याकडे पाहिलं, फ्रिज उघडला, आतलं काही न घेता बंद केला आणि खोलीत गेली.

"झालं विचारून?" मृणाल म्हणाली.

तर अशा अवस्थेत मी केस कापायला गेलो. डोक्यावर केस फार होते असं नाही, पण घरात बसवत नव्हतं. कुराता-सान हे आमच्या गल्लीतले न्हावी, ऐंशीच्या पुढचे, भुवया खराट्यासारख्या. लाल-निळा खांब दुकानाबाहेर फिरायचा आणि आत कुराता-सानची जीभ फिरायची. त्यांची माझी ओळख त्या बैलावरच झालेली. पहिल्यांदा खुर्चीत बसलो तेव्हा सवयीनं बैल सोडला. त्यांनी कात्री थांबवली. आरशातून माझ्याकडे रोखून पाहिलं आणि गरजले, "उसो!"

उसो म्हणजे खोटं. जपानात इतकी वर्षं काढली होती आणि पहिल्यांदा कुणीतरी माझ्या तोंडावर खोटारडा म्हणालं होतं. माझ्या डोळ्यांत पाणी आलं. त्यांना वाटलं, केस डोळ्यात गेला.

"बैलाला अर्धं तिकीट?" कुराता-सान म्हणाले. "चार पाय आहेत त्याला. दुप्पट घेतलं पाहिजे." आणि लगेच त्यांनी आपलं सोडलं. त्यांचे गुरू म्हणे भर ऑगस्टात बर्फाच्या वादळाचा प्रसंग असा सांगायचे की प्रेक्षकांची नाकं वाहायला लागायची. एका तांदूळवाल्याच्या कानाला तर हिमदंश झाला होता.

हे गुरू म्हणजे बेन्शी. जपानात मूकपट कधी मुका नव्हताच. पडद्याच्या बाजूला एक माणूस उभा असायचा. नायकाचं तो बोलायचा, नायिकेचं तो, म्हाताऱ्याचं, भुताचं, वाऱ्याचंसुद्धा तोच. लोक सिनेमाचं नाव विचारत नसत. आज बेन्शी कोण, ते विचारत. बोलपट आले आणि बेन्शी बेकार झाले. कुराता-सानचे गुरू उरलेल्या मोजक्यांतले, आणि कुराता-सान त्यांचे शिष्य. पोटासाठी कात्री, जिवासाठी पंखा.

त्यांनी मला हे समजावून सांगायला घेतलं तेव्हा मी म्हटलं, मला नका सांगू. आमच्याकडे दशावतार आहे. संहिता नाही, पाठांतर नाही. देवळासमोर एक बाक ठेवायचा, पेटी-मृदंग लावायचा, आणि त्या बाकावर बसून भाजीवाला राजा होतो. संवाद जागच्या जागी सुचायचे. समोरच्या नटानं वेगळंच काही काढलं तर त्याला तिथल्या तिथे पोचवायचं. माझे एक काका राक्षस व्हायचे. एकदा त्यांना मरायचं नव्हतं, तर देवाला त्यांना मारायला सूर्य उगवेपर्यंत भांडावं लागलं. "उसो," कुराता-सान खूश होऊन म्हणाले.

मी त्यांना एकदा विचारलं, "ही तुमची कोल्हिणीची गोष्ट मूळची कुणाची?"

"माझी."

"तुमच्या आधी?"

"गुरूंची. मी चोरली."

"आणि सिनेमावाल्यांनी?"

"त्यांनी रंगभूमीवरून उचलली. रंगभूमीनं जुन्या नवलकथांच्या पुस्तकातून. पुस्तकवाल्याला एका भटक्या भिक्षूनं सांगितली. भिक्षूला सराईतल्या म्हातारीनं."

"आणि म्हातारीला?"

"कोल्हिणीनं," कुराता-सान म्हणाले आणि माझ्या मानेवर पावडर मारली.

मी त्यावर फार विचार केलाय. जुने जपानी सिनेमे बघताना दिसतात ते डोंगर, धुकं, कागदी दारं, दारांवरच्या सावल्या. पण त्यांच्या आत मला नेहमी एखादी दात पडलेली म्हातारी चुलीपाशी बसून बोलताना ऐकू येते. कॅमेरा बिचारा तिच्यामागून धावतोय, आणि ती थांबत नाही. त्या गोष्टींत एक बाई असते. कधी बर्फातून येते, कधी पाण्यातून, कधी पक्ष्याची पिसं उतरवून. ती म्हणते, तेवढं एक पाहू नकोस. नवरा पाहतो. ती जाते. शेकडो वर्षं, शेकडो गावांत ती उंबऱ्यावर उभी राहते आणि जाते. आजवर एकाही सांगणाऱ्यानं तिला थांबवलेलं नाही. माझ्यासारख्या जायला टपलेल्या माणसाला याहून बरा आधार कुठला? मला ती कोल्हीण फार जवळची वाटायची. शेपूट लपवून माणसांत राहायचं, सगळ्यांना वाकून नमस्कार करायचा आणि आतून डोंगराकडे कान.

इथं भुतांचा मोसम उन्हाळा. घामानं जीव नकोसा झाला की लोक भुताच्या गोष्टी ऐकतात, म्हणजे अंगावर काटा येऊन गार वाटतं. एसीच्या आधीचा एसी. म्हणून तर हा खेळ ऑगस्टात. मी कुराता-सानना सांगितलं, आमच्या भुतांचे पाय उलटे असतात. ते म्हणाले, आमच्या भुतांना पायच नसतात. मग आम्ही अर्धा तास वाद घातला की शर्यत लावली तर कुणाचं भूत जिंकेल. रांगेतलं गिऱ्हाईक केस न कापताच निघून गेलं.

आणि ओबोन. पितर घरी येतात ते दिवस. आपले पितर कावळा होऊन कठड्यावर येतात, यांचे वाहन करून येतात. काकडीला काड्यांचे चार पाय टोचून घोडा करायचा, वांग्याला टोचून गाय. येताना घोड्यावरून, लवकर यावं म्हणून. जाताना गायीवरून, सावकाश जावं म्हणून. पहिल्या वर्षी मृणालनं शेजारणीच्या दारात ते वांगं पाहिलं आणि मला म्हणाली, "केवढं कोवळं आहे. भरायला हवं होतं." आता ती स्वतः करते. यंदा कुराता-सानही काकडीवरूनच येणार. दोन हिवाळ्यांपूर्वी ते गेले. त्यांच्या सुनेनं देव्हाऱ्यापाशी ठेवलेला घोडा जरा लुळा वाटला, म्हणून मी बाजारात हिंडून जाडजूड, गाठाळ काकडी आणून दिली. एवढा मोठा आवाज त्या बारक्या काकडीला पेलायचा नाही. सून म्हणाली, "नारुहोदो."

पण मी त्या दुपारचं सांगत होतो.

त्या सिनेमाचं शेवटचं रीळ हरवलेलं. जुन्या मूकपटांचं असंच. जळले, सडले, कुणी सेल्युलॉइड म्हणून कंगव्याच्या कारखान्याला विकले. कोल्हिणीचं शेपूट तिच्याच पोरासमोर उघडं पडतं, ती दाराकडे वळते, आणि फट्. पुढे नुसता पांढरा पडदा. इतरांनी असा सिनेमा दाखवला नसता. कुराता-साननी त्याचा रिवाजच करून टाकला. दर ऑगस्टात रीळ संपलं की ते पंखा उगारून प्रेक्षकांतल्या एकावर रोखायचे, आणि त्यानं उठून पांढऱ्या पडद्यासमोर उभं राहून शेवट सांगायचा. एका वर्षी तोफूवाल्याच्या बायकोनं कोल्हिणीला पोलिसात भरती केलं होतं म्हणे. एकानं तिला निवडणुकीला उभं केलं. पण कितीही फिरवलं तरी शेवटी ती जायचीच.

रीळ संपलं. फट्. पडदा पांढरा. कुराता-सानचा पंखा फिरत फिरत आला आणि माझ्या नाकावर थांबला.

"परब-सान! तुमच्या भाषेत सांगा. मुलगी जपानीत सांगेल."

मी सांगतो तुम्हाला, न्हाव्याला सगळं ठाऊक असतं. केस कापताना खुर्चीत बसून मी काय काय बरळलो होतो, ते त्यानं केसांबरोबर झाडून ठेवलं होतं. मी मृणालकडे पाहिलं. ती म्हणाली, "जा आता." इरा माझ्याआधीच उठली होती. वॉर्ड ऑफिसात, दवाखान्यात, घरमालकासमोर ती नेहमी माझं जपानी करायची. तिला त्यात काही विशेष वाटलं नाही. बेत्सुनि.

मी सुरू केलं. कोल्हिणीला असं डोंगरावरून उतरवलं, असं नद्यांमधून पोहवलं, फुनाबोरी स्टेशनात आणलं. तिथं गेटवर तिनं पंजा टेकवला तर गेट उघडेना, कारण पास माणसाच्या नावाचा. मग स्टेशनमास्तर आला, त्यानं वाकून माफी मागितली, तिनं वाकून माफी मागितली, दोघं एकमेकांची माफी मागत राहिले आणि शेवटची गाडी सुटली. मी दमून इराकडे पाहिलं.

इरा म्हणाली, "ती निघाली."

सभागृह हसलं. मी चिडलो. पुन्हा सोडलं: समुद्र, वादळ, व्हेलच्या पाठीवर पेटवलेली चूल, तीवर रटरटणारी माशाची आमटी.

इरा म्हणाली, "लांब गेली."

आजीबाई हसून हसून पंख्यामागे लपल्या. मागच्या रांगेतून उरायासुहून आलेला आमचा देशपांडे मराठीत ओरडला, "परब, पोरगी तुझी नाही वाटत!" कुराता-सान टेबल बडवत होते.

आणि मग, का कोण जाणे, मी व्हेलवरून खाली उतरलो. म्हणालो, "ती गेली, कारण त्या गावात तिला सगळे नमस्कार करायचे. छान वागवायचे. पण कुणी भुंकायचं नाही. कोल्हिणीला कुणीतरी भुंकायला लागतं. नाहीतर तिला आठवतच नाही की आपण कोण."

इरानं हे लगेच जपानीत केलं नाही. मृणालचा पंखा थांबला.

"दारात तिचं पोर उभं होतं," मी म्हटलं. "ती त्याला म्हणाली, येतेस का गं माझ्याबरोबर?"

पुढचं मला येईना. पोराचं उत्तर माझ्याजवळ नव्हतं, आणि त्या जागी घालायला थापही नव्हती. प्रोजेक्टरचा पंखा घरघरत होता. पडदे ओढलेले असूनही बाहेरचे सेमी आत ऐकू येत होते.

इरा पडद्याकडे वळली. प्रोजेक्टरच्या उजेडात तिची सावली त्या पांढऱ्यावर पडली, लहानशी, नीट. आणि तिनं जपानीत सांगायला घेतलं. माझं भुंकण्याचं वाक्य सगळंच्या सगळं सांगितलं, एक शब्द गाळला नाही. मग म्हणाली, आईनं विचारलं, येतेस का? बर्फ पडत होतं. आई वळली. उंबरा ओलांडला. मग पोर म्हणालं,

"थांब. मला बूट घालू दे."

आणि इरा खाली वाकली. पडद्यावर तिची सावली वाकली. जपानी घराच्या दारात पोरं बसतात तशी बसून तिनं एक बूट घातला, टाच आत सरकवली, मग दुसरा. उठली. आणि पडद्याच्या चौकटीबाहेर चालत गेली.

शेकडो वर्षांत कुणी पाठवलं नव्हतं ते पोर आईबरोबर. सगळे टाळ्या वाजवायला विसरले. आजीबाई डोळे पुसत होत्या. मृणाल माझ्याकडे पाहत नव्हती. कुराता-साननी पंखा टेबलावर मारला, तो मोडला, आणि ते गरजले, "उसो! कोल्हिणीचं पोर बूट घालत नाही!" त्यांच्या खराट्यासारख्या भुवया ओल्या झाल्या होत्या.

मग सगळ्यांनी मिळून खुर्च्या घड्या करून भिंतीला लावल्या, कारण जपानात रडून झालं तरी खुर्च्या ज्याच्या त्यानं लावायच्या असतात.

संध्याकाळच्या उन्हात आम्ही कालव्याच्या काठानं घरी निघालो. माझे पाय जमिनीला लागत नव्हते. त्या क्षणी मी जपानी भूत होतो. डोक्यात ऑफिसला उत्तर लिहून झालं होतं. गोरेगावातल्या आमच्या जुन्या घराला रंग लावून झाला होता. कुडाळच्या काकांसमोर बसून मी बैलाला एसटीत चढवलं होतं आणि काकांनी मला शिरा वाढला होता. कोपऱ्यावरच्या कोम्बिनीतून, म्हणजे चोवीस तास उघड्या असणाऱ्या दुकानातून, इरानं कलिंगडाच्या फोडीच्या आकाराचं आइस्क्रीम घेतलं आणि ते चोखत आमच्या पुढे चालू लागली. मृणालनं माझी बाही ओढली. "आधी तिला विचार. सरळ."

मी पुढे झालो. "इरा, मग मी ऑफिसला कळवू ना? आपण जातोय ना?"

तिनं आइस्क्रीममधली चॉकलेटची बी दातांनी काढली. घरी 'बेत्सुनि'पलीकडे न बोलणारी ती, त्या दिवशी स्वच्छ मराठीत बोलली.

"ती गोष्ट होती, बाबा."